सातबारातला बारा

सातबारा हा शब्द मराठी माणूस एका दमात उच्चारतो. प्रत्यक्षात त्यात दोन नमुने आहेत, गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा. सात सांगतो जमीन कोणाची: खातेदाराचं नाव, क्षेत्र, आकार, इतर हक्क, बोजा. बारा सांगतो त्या जमिनीत त्या वर्षी काय पिकलं: भात किती, वाल किती, पड किती. अंबरनाथ तालुक्यात जमिनीवरून जेवढी भांडणं झाली, मोर्चे निघाले, कोर्टकचेऱ्या झाल्या, त्या बहुतेक साऱ्या सातावरून. बाराकडे फारसं कोणी बघत नाही. पण मलंगगडाच्या पायथ्यापासून बारवीच्या काठापर्यंत अजूनही शेती करणाऱ्या कुटुंबांचं जमिनीशी नातं काय आहे, हे समजून घ्यायचं तर त्या खालच्या नमुन्यापासूनच सुरुवात करायला हवी.

कल्याणहून कर्जतकडे जाणारी लोकल विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ अशी एकेक स्टेशनं घेत पुढे जाते तेव्हा खिडकीतून दिसतात त्या इमारती, कारखान्यांच्या भिंती आणि वालधुनीचं काळं पाणी. याच वालधुनीच्या काठावर शके ९८२ म्हणजे इसवी सन १०६० चा शिलालेख असलेलं शिलाहारांचं शिवमंदिर आहे. बदलापूर सोडलं की मात्र दृश्य बदलतं. पावसाळ्यात वांगणीपर्यंत रुळांच्या दोन्ही अंगांना भाताची खाचरं पसरलेली असतात, बांधावर एखादं जांभळाचं झाड, पलीकडे उल्हास नदी. ही नदी राजमाचीच्या डोंगरात उगम पावते आणि कर्जत, नेरळ, बदलापूर करत कल्याणच्या खाडीकडे जाते. कुळगाव-बदलापूरची लोकसंख्या २००१ च्या जनगणनेत लाखाच्या आत होती. २०११ मध्ये ती पावणेदोन लाखांच्या घरात गेली. ही माणसं जिथे राहायला आली, तिथे त्याआधी कोणाचं तरी खाचर होतं, कोणाचा तरी माळ होता.

या पट्ट्यातली शेतकरी कुटुंबं मुख्यतः आगरी, कुणबी, ठाकूर आणि कातकरी. कोणाकडे नदीकाठची चार खाचरं, कोणाकडे डोंगरउताराचा तुकडा, कोणाकडे काहीच नाही आणि फक्त दुसऱ्याच्या शेतातली मजुरी. पीक सगळ्यांचं एकच, भात.

भाताचं वर्ष पावसाच्या किती तरी आधी सुरू होतं. माघ-फाल्गुनात झाडांचे टाळे तोडून आणायचे, पालापाचोळा गोळा करायचा, शेणी आणि गवत साठवायचं. मग रोप करायच्या जागेवर या साऱ्याचे थर अंथरायचे, वरून बारीक माती पसरायची आणि वाऱ्याची दिशा बघून ते पेटवायचं. हा राब. राब भाजला की वरच्या मातीतलं तणाचं बी मरतं, राख मातीत मिसळते, आणि पहिल्या पावसानंतर पेरलेलं बी जोमानं वर येतं. आग फार भडकूनही चालत नाही. ती सावकाश, धुमसत जायला हवी, म्हणून वरचा मातीचा थर. किती जाड थर, कोणत्या वेळी काडी लावायची, वारा फिरला तर काय करायचं, हे कुठेही लिहिलेलं नाही. मुलं बापामागे टोपली घेऊन फिरत शिकतात.

या राबासाठी ठाणे जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांनी इंग्रज सरकारशी मोठा वाद घातला होता. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जंगल खात्यानं झाडं राखीव केली आणि टाळे तोडण्यावर बंधनं आणली. शेतकऱ्यांचं म्हणणं होतं की टाळे नाहीत तर राब नाही, राब नाही तर रोप नाही. ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांतल्या या तक्रारी इतक्या वाढल्या की १८८० च्या दशकात मुंबई सरकारला त्यासाठी वन आयोग नेमावा लागला. पुढे भारतीय शेतीची पाहणी करायला आलेले इंग्रज रसायनतज्ज्ञ डॉ. व्होल्कर यांनीही १८९३ च्या आपल्या अहवालात राबाची सविस्तर दखल घेतली. स्वातंत्र्यानंतर कूळकायदा आला तेव्हा त्यात वरकस जमिनीची व्याख्या करताना भातशेतीच्या राबासाठी वापरली जाणारी जमीन असाच उल्लेख झाला. खालचं खाचर आणि वरचा माळ ही एकाच शेताची दोन अंगं आहेत, हे कायद्यानंही मान्य केलं होतं.

पुढे शहर आलं ते आधी माळावर. वरकस जमीन उंचावरची, पाणी न साचणारी, भाताच्या दृष्टीनं हलकी, पण इमारतीला सोयीची. ती विकताना शेतकऱ्याला वाटलं, खाचर तर राहिलंच आहे. पण माळ गेला तसे टाळे गेले, गवत गेलं, गुरांचं चरणं गेलं. गुरं कमी झाली तशा शेणी कमी झाल्या. मग राब करायचा कशाचा? रोपाला विकतचं खत आलं, नांगराला भाड्याचा ट्रॅक्टर आला, आणि खाचराचा खर्च हातात येणाऱ्या भाताला पेलेनासा झाला. खाचर विकावं लागण्याची सुरुवात बऱ्याच घरांत माळ विकण्यापासून झाली आहे.

मृगाचा पाऊस पडला की राबात पेरणी. तीन-साडेतीन आठवड्यांत आवण तयार होतं. मग चिखलणी आणि लावणी. पुनर्वसूचा तरणा पाऊस आणि पुष्याचा म्हातारा पाऊस यांच्या दिवसांत सगळ्या गावाची कंबर वाकलेली असते. आवण खणायचं, मुठी बांधायच्या, चिखलात फेकायच्या आणि ओळीनं लावत मागे सरकायचं. एका घराच्या हातानं हे काम उरकत नाही. आज आपण तुमच्याकडे, उद्या तुम्ही आमच्याकडे, असा हिशेब चालतो, आणि तो कुठल्याही वहीत मांडलेला नसतो.

लावणीचं काम बहुतांशी बायकांचं. कोणत्या खाचरात पाणी टिकतं, कोणत्या कोपऱ्यात खेकडे बांध फोडतात, कुठलं बी उशिराच्या पावसाला तग धरतं, हे त्यांना जितकं ठाऊक असतं तितकं घरातल्या कोणालाच नसतं. पण सातावर त्यांचं नाव अनेकदा नसतं. २००५ च्या वारसा कायद्यातल्या दुरुस्तीनं लेकींना वडिलोपार्जित जमिनीत मुलांइतकाच हक्क दिला. जमिनीचे भाव चढलेल्या या पट्ट्यात त्या हक्काला एकदम किंमत आली, आणि भावाला हक्कसोडपत्र लिहून देण्याचा प्रश्न घरोघर उभा राहिला. ज्या बहिणीनं लग्नापर्यंत दहा पावसाळे त्या खाचरात लावणी केली, तिचं आणि त्या जमिनीचं नातं एका सहीनं ठरतं.

कापणी दिवाळीच्या आगेमागे. भारे खळ्यावर येतात, झोडणी होते, पेंढा रचला जातो. ओल उडून जायच्या आत त्याच खाचरात वाल टाकतात. वालाला वेगळं पाणी लागत नाही. पावसानं मातीत मागे ठेवलेली ओल आणि थंडीतलं दव त्याला पुरतं. शिवाय त्याच्या मुळांवरच्या गाठी पुढच्या भातासाठी जमिनीत नत्र साठवतात. भातामागून वाल ही जोडी बाराच्या नमुन्यात दोन ओळींत येते, खरीप आणि रब्बी.

* * *

आता सात. या भागातल्या कसणाऱ्याचं नाव सातावर येण्याला फार मोठा झगडा लागला. पिढ्यान्‌पिढ्या तो कूळ होता. जमीन सावकाराची किंवा खोताची, घाम त्याचा. शेजारच्या कुलाबा जिल्ह्यात, अलिबागजवळच्या चरी गावी २७ ऑक्टोबर १९३३ रोजी नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी खोतांची जमीन कसायला नकार दिला. संपात पंचवीस गावं होती आणि तो सुमारे सहा वर्षं चालला. जमिनीशी जीव जोडलेल्या माणसांनी जमीन पड ठेवून लढा दिला. पाटबंधाऱ्याविना फक्त पावसावर जगणाऱ्या घरांनी सहा हंगाम चूल कशी पेटवली असेल, याचा विचार केला की त्या निर्धाराची कल्पना येते.

कर्जत-मुरबाडच्या बाजूला माथेरानचे वकील विठ्ठल लक्ष्मण तथा भाई कोतवाल यांनी दुसरा मार्ग धरला. पावसाळ्यात घरातलं धान्य संपलं की शेतकरी सावकाराकडे जायचा आणि दिवाळीनंतर पिकातला मोठा वाटा त्याच्या घरी पोचवायचा. कोतवालांनी शेतकऱ्यांसाठी धान्य कोठारं उभी केली, म्हणजे अडीअडचणीला उसनं धान्य आपसातूनच मिळेल. पुढे ते भूमिगत आझाद दस्त्याचे नेते झाले आणि २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर हिराजी पाटलांसह हुतात्मा झाले. कोठाराची योजना करणारा हा माणूस भाताच्या वर्षातला सर्वांत कठीण महिना कोणता, हे नेमकं जाणत होता.

१९४८ चा कूळकायदा आणि त्यातल्या दुरुस्तीनं ठरलेला १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन, यांनी कसणाऱ्याला मालक केलं. जो कसतो त्याची जमीन, म्हणजे बारात ज्याचं पीक, त्याचं सातात नाव. दोन नमुने त्या दिवशी खऱ्या अर्थानं जुळले.

पण ते सगळीकडे जुळले नाहीत. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात या परिसरात दोन मोठी लष्करी कामं झाली. एक कल्याणजवळची छावणी. फाळणीनंतर सिंधमधलं घरदार, शेतीवाडी मागे टाकून आलेल्या निर्वासितांना तिथल्या बराकींत आसरा मिळाला आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांनी त्या वस्तीला उल्हासनगर हे नाव दिलं. कॅम्प एक, कॅम्प दोन असे पत्ते लोक आजही सांगतात. आपली जमीन कायमची गमावलेली माणसं अशा ठिकाणी वसली, जिथून हाकेच्या अंतरावर दुसरी माणसं आपली जमीन परत मिळण्याची वाट बघत होती.

ती माणसं नेवाळीची. १९४२ च्या सुमारास ब्रिटिश सरकारनं नेवाळी, भाल आणि आसपासच्या गावांची सुमारे सोळाशे एकर जमीन विमानांच्या धावपट्टीसाठी घेतली. शेतकऱ्यांचं म्हणणं, जमीन युद्धापुरती घेतली होती आणि नंतर परत मिळायची होती. संरक्षण खात्याचं म्हणणं, जमीन रीतसर घेतलेली आहे आणि ती सरकारचीच आहे. युद्ध संपलं, धावपट्टी ओस पडली, आणि भोवतालच्या जमिनीत शेतकऱ्यांचे नांगर पुन्हा चालू लागले. जवळजवळ सत्तर वर्षं भात पिकत राहिला. वरचा नमुना एक सांगत होता, खालची जमीन दुसरंच.

२०१७ मध्ये नौदलानं तिथे संरक्षक भिंत घालायला घेतली. २२ जून रोजी शेतकरी रस्त्यावर उतरले, रस्ते अडवले गेले, पोलिसांच्या गाड्या पेटल्या, पोलिसांनी छर्‍यांचा मारा केला. दोन्हीकडचे लोक जखमी झाले. त्या जाळपोळीचं समर्थन कोणी करणार नाही. पण तारीख लक्षात घ्यायला हवी. २२ जून म्हणजे आर्द्रा नक्षत्र लागण्याचे दिवस. राबातलं आवण बोटभर वर आलेलं असतं, आणि आता खाचर तयार केलं नाही तर वर्ष हातचं जातं. दाव्याच्या तारखा पुढे ढकलता येतात, लावणीची तारीख ढकलता येत नाही.

* * *

नेवाळीसारखीच गोष्ट पॅसिफिक महासागरात, हवाई बेटांवर घडली आहे. डिसेंबर १९४१ मध्ये पर्ल हार्बरवर हल्ला झाल्यावर अमेरिकी लष्करानं काहोओलावे हे आख्खं बेट बॉम्बफेकीच्या सरावासाठी ताब्यात घेतलं. युद्ध संपल्यावरही सराव थांबला नाही. १९७६ मध्ये हवाईचे मूळ रहिवासी बंदी मोडून त्या बेटावर उतरले, आणि त्यानंतरची चौदा वर्षं त्यांनी लढा चालू ठेवला. बॉम्बफेक १९९० मध्ये थांबली. बेट १९९४ मध्ये हवाई राज्याला परत मिळालं. न फुटलेल्या बॉम्बमुळे बेटाच्या बऱ्याच भागात आजही मोकळेपणी पाय ठेवता येत नाही.

हवाईच्या शेतकरी कुटुंबांची कहाणी मराठी वाचकाला परकी वाटू नये, कारण तिथल्या शेतीचं मुख्य पीक आहे अळू. आपल्या परसात, न्हाणीच्या पाण्यावर वाढणारं, वडीला आणि फदफद्याला लागणारं, तेच. हवाईत त्याला कालो म्हणतात आणि आपल्या भातखाचरासारख्या बांध घातलेल्या, वाहत्या पाण्याच्या वाफ्यांत ते पिकवतात. तिथल्या जुन्या कथेत आकाशपिता वाकेआचं पहिलं मूल मेलेलं जन्मलं. ते मातीत पुरलं, आणि त्या जागी अळूचं रोप उगवलं. दुसरं मूल जगलं. त्याचं नाव हालोआ, आणि तोच माणसांचा पूर्वज. म्हणजे अळू हा माणसाचा थोरला भाऊ. थोरला भाऊ धाकट्याला पोसतो, धाकटा थोरल्याची निगा राखतो. कुटुंबासाठीचा तिथला शब्द ओहाना हा अळूच्या कंदाला फुटणाऱ्या ओहा या कोंबावरून आला आहे. जमिनीला ते आइना म्हणतात, म्हणजे जी खाऊ घालते ती.

तिथेही कागद आला. १८४८ मध्ये राजानं जमिनीची वाटणी केली आणि १८५० च्या कायद्यानं सामान्य कसणाऱ्यांना आपापल्या तुकड्यावर हक्क सांगायची मुभा दिली. अट एवढीच की तो तुकडा आपण कसतो हे सिद्ध करायचं. मोजणी, साक्षी, अर्ज हे सगळं त्या माणसांना नवीन होतं. शेवटी एकूण जमिनीतली एक टक्क्याहूनही कमी जमीन त्यांच्या नावे लागली. त्या तुकड्यांना कुलेआना म्हणतात. हवाई भाषेत या शब्दाचा अर्थ हक्क असाही होतो आणि जबाबदारी असाही. सात आणि बारा एकाच शब्दात.

आपल्याकडे तसा एक शब्द नाही, पण तशी माणसं आहेत. जूनच्या पहिल्या पावसात बदलापूर स्टेशनाबाहेर पाट्या घेऊन बसलेल्या ठाकूर आणि कातकरी बायका बघाव्यात. पाटीत शेवळं, भारंगी, टाकळा, कंटोळी. शेवळ हे अळूच्याच कुळातलं. तसंच खाजरं, नीट शिजवलं नाही तर घसा धरणारं. म्हणून शेवळाच्या जुडीबरोबर त्या काकडाची आंबट फळंही बांधून देतात. कोणत्या झाडाखाली शेवळ पहिलं येतं आणि पुढच्या वर्षासाठी कंद मातीत कसा राखायचा, हे त्यांना माहीत असतं. शेवळ उगवतं ती जमीन मात्र त्यांच्या कोणाच्याच सातावर नसते.

त्याआधी, मे महिन्याच्या शेवटी, याच स्टेशनाबाहेर जांभळं येतात. बदलापूरच्या जांभळाला भौगोलिक मानांकन मिळालं आहे, पालघरच्या बहाडोलीच्या जांभळाबरोबरच. फळ नाजूक, फांदी ठिसूळ. झाडावर चढणाऱ्याला अंगाचं वजन तोलत एकेक घोस उतरवावा लागतो, आणि दुपारच्या आत पाटी बाजारात पोचली नाही तर माल मऊ पडतो. ही झाडं बहुतेक बांधावरची, कोणा आज्या-पणज्यानं राखलेली. मानांकन नावाला मिळतं. झाड उभं राहायचं तर बांध उभा राहायला हवा, आणि बांध उभा राहायचा तर त्याच्या दोन्ही बाजूंना शेत हवं.

* * *

पाण्याचाही एक सातबारा असता तर त्यावर मोठी शहरं दिसली असती. बारवी धरण १९७२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळानं बांधलं. ते पाणी उल्हास नदीतून खाली येतं, बदलापूरजवळच्या जांभूळ गावी शुद्ध होतं, आणि तिथून कारखान्यांसह ठाणे, कल्याण-डोंबिवली, उल्हासनगर, मीरा-भाईंदरपर्यंत पोचतं. पुढे धरणाची उंची वाढली, तेव्हा मुरबाड तालुक्यातली आणखी घरं आणि शेतं पाण्याखाली गेली. धरणग्रस्तांनी अनेक वर्षं आंदोलन केलं आणि त्यातून घरटी एक नोकरी द्यायचं ठरलं. पाणी पिणाऱ्या महापालिकांनी आपापल्या वाट्याच्या पाण्याप्रमाणे या नोकऱ्या द्यायच्या. हा निर्णय चांगलाच होता. तरीही खाचराच्या बदल्यात मिळालेली नोकरी एका माणसाला मिळते. खाचर सगळ्या घराला काम देत होतं.

नदी मात्र आपला हक्क विसरत नाही. २७ जुलै २०१९ च्या पुरात बदलापूर आणि वांगणीच्या मध्ये महालक्ष्मी एक्स्प्रेस पाण्यात अडकली, आणि हजाराहून अधिक प्रवाशांना होड्यांनी बाहेर काढावं लागलं. जुन्या शेतकऱ्यांनी त्या पट्ट्यात घरं बांधली नव्हती, खाचरं केली होती. खाचर पुराचं पाणी दोन दिवस धरून ठेवतं, भात ते सोसतो, आणि ओसरताना वर गाळ राहतो.

शेती टिकवायची तर ती जुन्या पद्धतीनंच करायला हवी, असं नाही. बदलापूरहून थोडं पुढे, नेरळच्या सगुणा बागेत चंद्रशेखर भडसावळे यांनी गादीवाफ्यांवर, चिखलणी आणि लावणीशिवाय, थेट टोकणीनं भात घेण्याचं सगुणा भात तंत्र विकसित केलं. जमीन पुन्हा पुन्हा नांगरायची नाही, कापणीनंतर मुळं मातीतच राहू द्यायची, आणि त्याच वाफ्यावर पुढे वाल किंवा हरभरा घ्यायचा. तणनाशकावर त्याची मदार राहते ही शंका अनेकांना आहे आणि ती रास्त आहे. पण ज्या घरात आता लावणीला दोनच माणसं उरली आहेत, बैलजोडी नाही आणि माळ कधीच गेला आहे, त्या घरासाठी खाचर पड ठेवणं की पद्धत बदलणं, एवढीच निवड असते. कर्जतच्या संशोधन केंद्रातून आलेली सुधारित भातवाणंही अशीच स्वीकारली गेली. बियाणं बदललं, वालाची ओल बदलली नाही.

१५ ऑगस्ट २०२१ पासून बाराचा नमुना भरण्याची रीतही बदलली. पूर्वी तलाठी पीकपाहणी करायचा. आता ई-पीक पाहणीत शेतकऱ्यानं स्वतः खाचरापाशी जाऊन मोबाइलनं पिकाचा फोटो काढायचा आणि नोंद करायची. भाताची ही नोंद श्रावण-भाद्रपदात होते. भात तेव्हा गुडघ्याच्या वर आलेला असतो, बांधावरचं गवत ओलं असतं आणि पाय घसरतो. फोन बहुतेक वेळा नातवाच्या हातात असतो, कारण आजोबांना अॅप जमत नाही. नातू गट क्रमांक वाचून दाखवतो. त्या आकड्यावरून आजोबांना खाचर ओळखता येत नाही. त्यांच्या लेखी ते फणसाखालचं, आणि त्याच्या पलीकडचं वढ्यावरचं. मग दोघं मिळून कोणता आकडा म्हणजे कोणतं खाचर, ते लावून घेतात. रेंज यायला थोडा वेळ लागतो. नातू फोन आडवा धरतो, चौकटीत ओंब्या धरायला लागलेला भात आणि मागे मलंगगडाची कडा येते, आणि तो पिकाच्या यादीतून पहिलं नाव निवडतो.